नेमेसिओला सापडलेली गाय

माझा नवरा नेमेसिओ विहिरी खणतो. दिवसभर जमिनीच्या पोटात राहून त्याची बोलायची सवय मोडली असावी. घरातलं बोलणं सगळं माझ्याकडे आहे आणि ते मी कधी तुंबू दिलेलं नाही.

सालादो नदीच्या काठाला खोल खणलं की कुठे ना कुठे जुनी हाडं लागतातच. हाडं सरकारची. कळवलं तर काम थांबतं आणि मालक अर्धवट खड्ड्याकडे बघत वर्ष काढतो. म्हणून मालकाने वरून "काय लागलं रे?" विचारलं, की इकडचा कुठलाही विहीरवाला खालून एकच सांगतो, "गाय!" हाड ओंडक्याएवढं असलं तरी गायच.

मी लग्न होऊन आले तेव्हा सासूबाईंनी पहिल्याच आठवड्यात सांगितलं, "आमच्याकडे सून आपली भट्टी आपण बांधते." पाव भाजायची, घुमटासारखी, मातीची भट्टी. मी बांधली, ती खचून खाली बसली. दुसरी बसली. तिसरी बसली तेव्हा शेजारणी खुर्च्या आणून बघत होत्या. चौथी बांधली आणि ओली असतानाच ती एका बाजूला कलू लागली. मी रडत माहेरी निघून गेले. आठ दिवसांनी परतले तर अंगणात भट्टी उभी! चांगली रुंद, टणक, पुढे ऐसपैस तोंड, मागे धुराला बेताचं भोक.

"वाळली?" मी विचारलं.

"वाळली," नेमेसिओ म्हणाला.

एवढ्यावर मी सव्वीस वर्षं काढली. दर मार्चमध्ये चर्चच्या जत्रेला सगळ्या गावाचा पाव माझ्या भट्टीत भाजला जाई. नव्या सुना माती कशी मळायची ते विचारायला येत. मी खुर्चीत बसून सांगे: घोड्याची लीद इतकी, पेंढा इतका, आणि मन शांत हवं. त्यांच्या भट्ट्या कोसळत. शेजारच्या रोमिनाची दोनदा कोसळली. मी तिचे पंजे उलटसुलट करून पाहिले आणि म्हटलं, "पोरी, हा हाताचा दोष आहे. त्याला औषध नाही." तिने माझ्याशी तीन महिने बोलणं टाकलं होतं. मला वाटलं, खरं बोललेलं झोंबतं.

यंदा दुष्काळात नदी आटली आणि संग्रहालयातल्या लुक्रेसियाबाई काठावरची हाडं बघायला आल्या. दुपारी आमच्याकडे एंपानादा, म्हणजे खिम्याच्या भाजलेल्या करंज्या, खायला बसल्या. भट्टीच्या पाठीचं लिंपण थोडं पडलं होतं. आत दगडासारख्या फुलांची नक्षी दिसत होती, फुलाला फूल चिकटलेलं. मीही ती त्याच सकाळी पहिल्यांदा पाहिली होती.

बाई घास हातात धरून उठल्या. "ही नक्षी कोणी केली?"

आता सांगायला लाज वाटते, पण मी एप्रन सारखा केला आणि म्हणाले, "मीच. बोटांनी. तरुणपणी हौस असते."

"सगळी फुलं? एकटीने?"

"माती ओली असताना करावी लागतात," मी आणखी एक धडा दिला.

बाईंनी आत डोकं घातलं, मागच्या भोकाशी गेल्या, परत आल्या आणि हळूच म्हणाल्या, "देल्मिराबाई, हे ग्लिप्टोडॉनचं कवच आहे. आपल्या शेतात बिळं करणाऱ्या कवचवाल्या आर्माडिलोचा मोटारीएवढा नातेवाईक. हजारो वर्षांपूर्वीच संपला. तुम्ही त्याच्या मानेकडून पाव आत घालता आणि धूर शेपटीकडून निघतो."

मी नेमेसिओकडे पाहिलं. तो येर्बाच्या कडू काढ्यात तोंड घालून बसला होता.

"गाय होती," तो म्हणाला.

नेमकी तेव्हाच रोमिना पीठ मागायला आली होती. पुढचं मी सांगायची गरज नाही. संध्याकाळपर्यंत गावातल्या सगळ्या कोसळलेल्या भट्ट्यांच्या मालकिणी आमच्या अंगणात जमल्या. मी आत जाऊन कांदे चिरत बसले, म्हणजे डोळ्यांना कारण मिळालं.

चार दिवसांत कवच संग्रहालयाच्या ट्रकवर चढलं. जत्रा तीन आठवड्यांवर होती. मी माझ्याच कृतीने भट्टी बांधली. बसली. पुन्हा बांधली. पुन्हा बसली. रोमिना कुंपणावरून म्हणाली, "मावशी, मन शांत आहे ना?"

शेवटी मी नेमेसिओवर उसळले. "कवच आणून लिंपलंस, तेव्हा सांगितलं का नाहीस?"

"तू खूश होतीस."

"आणि माझी माती चुकीची आहे, हे तरी?"

"तू विचारलं नाहीस."

तीस वर्षं जो माणूस मातीत उभा आहे, त्याला मी मातीबद्दल एक अक्षर विचारलं नव्हतं. विचारायला मध्ये श्वास घ्यावा लागतो.

"बरं," मी म्हटलं, "कुठली घेऊ?"

मग नेमेसिओ बोलला. वरची काळी माती बसतेच, तिला हात लावू नकोस. दोन पुरुष खोल गेलं की पिवळी लागते, ती थोडी चिकट, थोडी रेताड, बोटावर ओढली तर तुटत नाही, ती घ्यायची. लीद अर्ध्यावर आण. घुमट एका दिवसात चढवू नकोस. एवढं सलग तो लग्नातही बोलला नव्हता. मी गप्प बसले. जमतं.

भट्टी उभी राहिली. लहान, एका कुशीवर झुकलेली, वर भेग. जत्रेचा पाव तिने एका बाजूने करपवला. रोमिनाने काळा तुकडा उलटसुलट करून पाहिला. "हाताचा दोष दिसतो, मावशी."

"हो गं," मी म्हटलं, आणि तिला पिवळ्या मातीची बादली दिली.