तीन कोटी वर्षांपूर्वीचं सुतक

गारखेड्यातल्या आमच्या गच्चीवर एक दुर्बीण आहे. टाकीच्या आडोशाला, जुन्या चादरीत गुंडाळलेली. लांबून पाहिलं तर कुणी जुना गीझर काढून ठेवलाय असं वाटतं. ती पैठणच्या काकांची. काका म्हणजे वडिलांचे धाकटे भाऊ, शाळेत विज्ञान शिकवून निवृत्त झालेले. मूलबाळ नाही. गुडघ्यांनी जिना नाकारला तेव्हा त्यांनी ती माझ्या गळ्यात घातली, आणि पुढची बरीच वर्षं मी तिच्यातून मुख्यतः समोरच्या इमारतीची टाकी वाहतेय का ते पाहिलं.

त्या उन्हाळ्याच्या तोंडाशी काकांचा फोन आला.

"अरे, आपल्या दीर्घिकेत तारा फुटलाय. अतिनवतारा! लई दिवस टिकत नाय. बघ आणि सांग मला."

आपली दीर्घिका म्हणजे सिंह राशीत, सिंहाच्या मागच्या मांडीखाली आहे ती. सर्पिल, पण मधोमध ताऱ्यांचा सरळ दांडा, आणि भुजा निघतात त्या दांड्याच्या दोन टोकांपासून. काका वर्गात सांगायचे, दांडीवर धोतर वाळत घाला आणि दोन्ही सोगे उलट्या दिशांना उडू द्या, झाली दीर्घिका. हे सगळं फोटोत दिसतं. आमच्या दुर्बिणीतून दिसतो तो आरशावर श्वास सोडल्यावर उमटतो तसला डाग. जेवणं उरकून मी त्या डागाकडं मान अवघडेपर्यंत पाहिलं, आणि डागाच्या कडेला सुईच्या टोकाएवढा ठिपका सापडला. सरळ पाहिलं की गायब, नजर जरा बाजूला नेली की हजर. आमच्या नातेवाइकांसारखा.

"दिसला!" मी फोनवर ओरडलो.

"मग! माझ्या देखत तिच्यात चार-पाच फुटलेत. आपल्या आकाशगंगेत तीन-चारशे वर्षांत एकसुद्धा फुटताना कुणी पाहिला नाय. त्या घरात मयतं फार." काका रंगात आले होते. "तीन कोटी वर्षांपूर्वी मेलाय तो. बातमी आत्ता पोचली. आता आपण भिक्षुकांच्या घराण्यातले, सांग, सुतक किती दिवसांचं?"

भाऊबंदात कुणी गेल्याचं कानावर आलं की दहा दिवस सुतक, शुभकार्य बंद. पण बातमी उशिरा कळली तर दिवस कमी होत जातात, एवढं आमच्याकडं शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं.

"वर्ष उलटून गेलं असेल तर नुसती आंघोळ," मी म्हणालो. मागं काकू खळखळून हसल्याचं ऐकू आलं.

काकांना तो ठिपका स्वतः पाहायचा होता. येत्या रविवारी दुर्बीण घेऊन येतो, असं मी कबूल केलं. त्या रविवारी थोरल्या भावानं, म्हणजे दादानं, मला पडेगावच्या नव्या बंगल्याच्या अंगणासाठी फरशा निवडायला नेलं. फरशांतलं मला काही कळत नाही. मी नुसता "छान आहे" म्हणायला होतो. त्याच्या पुढच्या रविवारी त्याच बंगल्याची वास्तुशांत.

सकाळी मी आचाऱ्याजवळ चव बघायच्या नावाखाली तिसरी जिलबी खात होतो. दादा आला. अंगावर सोवळं, हातात तुपाची वाटी.

"आज पैठणचा फोन आला तर उचलायचा नाही."

"का? कुणी गेलं का?"

"मी असं म्हटलं का कुणी गेलं? मी काहीही म्हटलेलं नाही." आणि तो होमाकडं वळला.

जिलबी तोंडात होती. गिळावी की थुंकावी कळेना, आणि सवयीनं गिळली. आत होमाजवळ वहिनी मान खाली घालून बसली होती. तिला माहीत होतं. गुरुजींकडं पाहिलं तर ते घाईघाईनं समिधा मोजायला लागले. त्यांनाही माहीत होतं. घरभर सगळ्यांना माहीत होतं आणि कुणीही ऐकलेलं नव्हतं. मंडपात दीडशे पानं मांडलेली, बासुंदी आटत होती.

तेवढ्यात माझ्या खिशातला फोन वाजला. काकू. एरवी पैठणहून फोन काकाच करायचे.

"गुरुजी, मंत्र जरा मोठ्यानं म्हणा," वहिनी म्हणाली. गुरुजींनी म्हटले.

मी फाटकाकडं निघालो तसा दादा मागून धावला. "उचलू नकोस! तुला सुतक लागलं की मला लागलं. लोक बोलावलेत मी!"

"दादा, काकांना अग्नी द्यायला आपल्या दोघांशिवाय आहे कोण?"

"संध्याकाळी कळव ना मला. संध्याकाळी काय ते ऐकतो."

मी फोन कानाला लावला. दादानं चक्क दोन्ही हातांनी स्वतःचे कान झाकले. तूप त्याच्या कोपरांवरून ओघळून नव्या फरशीवर ठिबकत होतं. ती फरशी मीच छान म्हटली होती.

"तू तरी येतोस का रे?" काकू म्हणाली. "सकाळपास्नं गल्लीतले लोक थांबलेत."

"निघालो," मी म्हणालो.

पैठणच्या एसटीत खिडकीशी जागा मिळाली. वाटभर तुपाचे आणि केशराचे ढेकर येत राहिले. मला माझ्या भावाची किळस आली होती, गुरुजींची आली होती. पण ढेकर माझेच होते, ते कुणाच्या नावावर टाकणार?

काकूनं दारातच माझ्यामागं रस्त्याकडं पाहिलं.

"एकलाच आलास व्हय?"

"दादाकडं वास्तुशांत..."

"ठाऊक हाय. सकाळी दादा फोनवर सगळं ऐकून 'बरं' म्हणाले, आणि ठेवला."

मी अग्नी दिला. गोदावरीत आंघोळ करून ओल्या अंगानं परतलो. खाटेवर काकांची उशी तशीच होती, तिच्याजवळ चष्मा. काकू म्हणाली, "रोज विचारायचे, फुटलेला अजून दिसतो का, पोरगा कधी आणतोय दुर्बीण." मी चष्मा उचलून पुसला आणि परत उशीजवळ ठेवला.

दिवेलागणीला दादाचा फोन आला. त्याच्यामागं भांडी उचलल्याचा आवाज होता. म्हणजे पंगती उठल्या होत्या.

"हं, आता सांग. काय झालं?"

मी बोललोच नाही. त्याचंच औषध त्याला द्यावं असं वाटत होतं.

"सांगून टाक," काकू म्हणाली. "नायतर उद्या उरलेली जिलबी घेऊन यायचे."

"काका गेले," मी म्हणालो.

"अरेरे! कधी?"

इतकं ताजं अरेरे मी आयुष्यात ऐकलं नव्हतं. थेट कढईतून काढलेलं.

"तुला कळलं त्याच्या थोडं आधी."

दादा आवाज खाली आणून म्हणाला, "बरं, सुतक सकाळपासून धरायचं की आत्तापासून? गुरुजी अजून इथंच आहेत, दक्षिणेचं बघायचंय."

फोन मोठ्यानं बोलणारा, काकू शेजारीच. तिनं तो माझ्या हातातून घेतला.

"दादा, तुम्हाला एवढं कशाला? लई लांबचा होता तो. नुसती आंघोळ करा."