श्रीपतीकाका आणि पिस्तुलाचं घर

श्रीपतीकाका माणसाच्या चेहऱ्याकडे सगळ्यात शेवटी बघायचे. आधी जोडे, मग टाचा, मग कमरेचा पट्टा, आणि तिथून नजर वर आलीच तर चेहरा. आयर्लंडमधल्या नास गावात ते आमच्या शेजारी राहायला आले, तेव्हा त्यांच्या मुलीने, अश्विनीने, आमची ओळख करून दिली. मी हात जोडून उभी, आणि हे माझ्या बुटांकडे बघताहेत. मग म्हणाले, "डाव्या पायावर अंग टाकतीस पोरी. उजवा गुडघा दुखतोय काय?"

दुखत होता. मी ते नवऱ्यालाही सांगितलं नव्हतं.

"माणूस तोंडानं काय बी सांगंल," काका म्हणाले, "टाच न्हाई फसवत."

कोल्हापूरच्या सुभाषनगरात त्यांचं सगळं आयुष्य चामड्याच्या कामात गेलं होतं. वडील टांग्याच्या घोड्यांचा साज करायचे. टांगे संपले, तसे काका पोलिसांचे पट्टे आणि पोस्टमनच्या पिशव्या शिवायला लागले. काकू गेल्या आणि अश्विनीने त्यांना इकडे आणलं. ती वैद्यकीय उपकरणांच्या कारखान्यात शिफ्टमध्ये काम करायची. काका दिवसभर खिडकीशी बसून असायचे. इंग्रजी म्हणजे 'थँक्यू', 'सॉरी' आणि इथे आल्यावर शिकलेला 'ग्रँड', म्हणजे छान. बाकीचं थोडंफार कानाला कळायचं, पण तोंडातून यायचं नाही.

आमचा किल्डेअर जिल्हा म्हणजे घोड्यांचा मुलूख. नासच्या जरा बाहेर नोरा नावाच्या एका बाईंचं खोगीर आणि लगाम दुरुस्त करायचं दुकान होतं. एका शनिवारी मी सहज काकांना तिथे नेलं. दारातच ते थांबले आणि त्यांनी वास घेतला. नोराबाई एका खोगिराला टाके घालत होत्या. काका पाच मिनिटं बघत राहिले, मग त्यांनी हात पुढे करून आरी मागितली. त्यानंतर दर शनिवारी सकाळी खिडकीजवळचं स्टूल त्यांचं झालं. त्यांना इथे कामाची परवानगी नव्हती, म्हणून ती नोकरी नव्हती, पगार नव्हता, नुसतं मन रमवणं होतं. मला सुट्टी असायची, म्हणून मी गाडीने न्यायची आणि त्यांचं बोलणं इंग्रजीत सांगायला तिथेच बसायची. मी औषधांच्या कंपनीत कागदपत्रं तपासते. एका शब्दाने अर्थ कुठे बदलतो ते पकडणं हेच माझं काम आहे. हे मुद्दाम लिहून ठेवते.

फेब्रुवारीत डेक्लन आला. पन्नाशीचा, रुंद खांद्यांचा, नोराबाईंच्या ओळखीतला. तो पोलिसांत डिटेक्टिव्ह होता. इथले गणवेशातले पोलीस बहुधा बिनहत्यारी असतात, पण साध्या कपड्यातले हे लोक कोटाखाली छोटं पिस्तूल बाळगतात. ते कुणाला दिसता कामा नये आणि दिवसभर अंगावरून उतरता कामा नये. डेक्लनने तीन तऱ्हेची होल्स्टर, म्हणजे पिस्तूल अडकवायची म्यानं, वापरून बघितली होती. खात्याचं कडक प्लास्टिकचं गाडीत बसलं की कमरेत घुसायचं. विजारीच्या आत अडकवायचं होतं ते खाली वाकलं की बरगडीला लागायचं. खांद्याला अडकवायचं घातलं, तर गरम खोलीतसुद्धा कोट काढता यायचा नाही. खात्याची मंजुरी घेऊन तो स्वतःसाठी एक शिवून घ्यायला आला होता. सोबत मापासाठी पिस्तुलाचा निळ्या प्लास्टिकचा नमुना होता.

काकांनी नमुना हातात घेतला, तोलला आणि मला म्हणाले, "इचार त्याला, ह्येनं कुणाला मारलंय का?"

मी विचारलं. डेक्लन हसला नाही. म्हणाला, "सरावाचं मैदान सोडून एकदाही झाडलं नाही. देवाची कृपा."

"मग नुसतंच वझं हाय," काका म्हणाले. "वझं वाहणाऱ्याला सोसंल असं घर करू या."

होल्स्टरला ते शेवटपर्यंत 'घर'च म्हणत. त्यांनी डेक्लनला उभं केलं, बसवलं, गाडीत बसून पट्टा लावायला सांगितला. मग त्याचा कमरेचा पट्टा बोटांनी वाकवून बघितला आणि तोंड वाकडं केलं. "पट्टा असा लुळा आन् वर लोखंड टांगलंय. मग दुखंल न्हाईतर काय? वझं टांगायचं नसतंय. वझं पसरायचं असतंय."

म्हणून आधी दुहेरी चामड्याचा रुंद पट्टा झाला. मग घर. चामडं भिजवून त्या निळ्या नमुन्यावर बसवलं आणि घोड्याच्या हाडाच्या तुकड्याने घासून घासून त्याला आकार दिला. दोन्ही बाजूंना पंखांसारख्या पट्ट्या ठेवल्या, म्हणजे भार हाताएवढ्या जागेत वाटला जाईल. आतल्या बाजूने चामड्याचं एक मऊ पान वर काढलं, म्हणजे लोखंड अंगाला लागणार नाही. कमरेच्या हाडाच्या जरा मागे, किंचित पुढे कललेलं, गाडीच्या सीटला टेकणार नाही इतकं वर. चार शनिवार गेले. डेक्लन ते घालून दुकानात येरझारा घालत होता आणि काका त्याच्या टाचांकडे बघत होते.

"ग्रँड," डेक्लन म्हणाला.

"ग्रँड," काकाही म्हणाले. त्यांना इतक्या खुशीत मी त्याआधी पाहिलं नव्हतं.

एप्रिलच्या शेवटी डेक्लन परत आला. घर छान आहे, पण दुखणं परत सुरू झालंय, म्हणाला. जरा सैल करता येईल का? काकांनी होल्स्टर काढून घेतलं, खिडकीशी नेलं आणि आतली बाजू उन्हात धरली. जिथे चामडं अंगाला घासतं तिथे ते काळपट होतं, चकाकतं. काकांनी डेक्लनला बोटाने दाखवायला सांगितलं, नक्की कुठे दुखतं. त्याने दाखवलं. चकाकलेली जागा वेगळी होती, त्याचं बोट तिथून चार बोटं आत, पाठीच्या कण्याकडे होतं.

"रविवारी दुखतंय का इचार. घर काढून ठेवल्यावर."

मी विचारलं. "दुखतं," डेक्लन म्हणाला. "आडवं पडलं की जास्तच."

काकांनी होल्स्टर खाली ठेवलं. मग ते सावकाश, मला नीट ऐकू यावं असं बोलले. "त्याला सांग, ह्यो कातड्याचा दुखावा न्हवं. ह्यो हाडातला हाय. आत काय तर वंगाळ हाय. आजच्या आज डाक्टरकडं जा म्हणावं. त्यो तपासून सांगस्तवर मी ह्या घराला हात लावनार न्हाई."

डेक्लन माझ्याकडे बघत होता, भुवया उंचावून, चेहऱ्यावर हसू. नोराबाईही थांबल्या होत्या. मी तोंड उघडलं आणि मला लाज वाटली. स्टुलावर बसलेला, चामड्याचं काम करणारा एक म्हातारा डिटेक्टिव्हला त्याच्या हाडातला आजार सांगणार, आणि तो मी माझ्या चांगल्या इंग्रजीत पोचवणार. काकांचं हसं होईल असं मी स्वतःला सांगितलं. खरं म्हणजे माझं हसं होईल याची भीती होती. हेच वाक्य माझ्या प्राध्यापक वडिलांनी म्हटलं असतं, तर मी शब्दन्‌शब्द सांगितलं असतं. हे मला तेव्हाही ठाऊक होतं.

मी म्हणाले, "काका म्हणताहेत, चामडं अंगावर बसायला अजून थोडा वेळ लागेल. दुखत राहिलं तर कधीतरी डॉक्टरांच्या कानावर घाला."

"नॉट अ बॉदर," काही हरकत नाही, म्हणून तो गेला.

"जातो म्हनला का?" काकांनी विचारलं.

"हो," मी म्हणाले.

तो थेट सप्टेंबरमध्ये आला. काकांनी शिवलेल्या पट्ट्याला त्याने स्वतः दोन नवी भोकं पाडली होती. ती काकांना दारातच दिसली. चालताना तो उजवा पाय जरा उशिरा उचलत होता. काका उठून उभे राहिले. "डाक्टर काय म्हनला, इचार."

आता काय करणार होते मी? डेक्लन डॉक्टरकडे गेलाच नव्हता, कारण त्याला जा असं कुणी सांगितलंच नव्हतं. ते उघड झालं असतं, तर माझं एप्रिलमधलं बोलणंही उघड झालं असतं. मी डेक्लनला विचारलं, "काका विचारताहेत, तुम्ही कसे आहात?"

"ग्रँड. धावायला लागलोय, वजन उतरलंय जरा."

मी काकांना सांगितलं, "ठीक आहे म्हणतो."

काका बराच वेळ त्याच्या बुटांकडे बघत राहिले. "डाक्टर म्हनतोय म्हंजे असंल," ते शेवटी म्हणाले. "मी काय शिकल्याला न्हाई." आणि ते कामाला बसले.

त्यांनी दुसरं घर शिवलं. मला त्यातलं फारसं कळत नाही, पण नोराबाई म्हणाल्या की असं काम त्यांनी आयुष्यात पाहिलं नाही. दुखऱ्या जागेवर कसलाच भार येऊ नये म्हणून काकांनी पट्ट्याचा सगळा तोल डावीकडे फिरवला होता. आतून मेंढीचं मऊ कातडं लावलं होतं. डेक्लन ते घालून गाडीत बसला, उतरला आणि म्हणाला, अंगावर काही आहे असं वाटतच नाही. काकांचा हात त्याने दोन्ही हातांत धरला.

डिसेंबरमध्ये तो घरात पडला आणि मांडीचं हाड मोडलं. तपासण्यांत कळलं की मूत्रपिंडातला कर्करोग हाडांत पसरला आहे. मार्चमध्ये तो गेला.

इथल्या रीतीप्रमाणे त्याला घरी आणून ठेवलं होतं. शेजारीपाजारी रांगेने येत होते, स्वयंपाकघरात चहा आणि सँडविचं चालली होती. काकांनी हट्टाने मला न्यायला लावलं. डेक्लनची बायको मॉरीन शवपेटीच्या डोक्याशी बसली होती. नोराबाईंनी काकांची ओळख करून दिली, तशी तिने त्यांचा हात धरून ठेवला.

"तुम्ही शिवलेलं घातलं की दुखणं कळतच नाही, म्हणायचा," ती म्हणाली. "त्याला वाटायचं, सगळा दोष त्या पट्ट्याचा. वसंतात कळलं असतं, तर काही करता आलं असतं म्हणे. नोबडी टोल्ड हिम. एकानेही सांगितलं नाही."

मी भाषांतर करायला तोंड उघडलं. काकांनी हात वर करून मला थांबवलं. तेवढे तीन शब्द त्यांना कळले होते.

गाडीत बसून त्यांनी पट्टा लावला. मग समोर बघत विचारलं, "काय सांगितलंस तू त्याला?"

मी सगळं सांगितलं. एप्रिलचं आणि सप्टेंबरचंही. लाज वाटली हेही सांगितलं. कुणाची, ते त्यांनी विचारलं नाही. पाऊस काचेवर येत होता आणि मला गाडी सुरू करायचं सुचत नव्हतं.

"म्या त्याचं दुखनं झाकलं," काका म्हणाले. "मऊ कातडं लावून झाकलं. बोंब मारत हुतं त्ये हाड, आन् म्या त्याचं त्वांड बांधलं." मग म्हणाले, "मी मुका न्हवतो पोरी. तू मला मुकं केलंस."

मी 'माफ करा' म्हणाले. त्यांनी ऐकलं की नाही, कळलं नाही.

पंधरा दिवसांनी ते माझ्या दारात आले, कोट घालून. "तिच्याकडं चल. मी जे बोललो हुतो त्ये आता तरी सांग तिला. हाय तसं."

"काका, आता त्याने काय होणार? तिला आणखी त्रास होईल."

"हुईल. पर तिचा नवरा कसा गेला ह्ये तिला ठावं पायजे. लपवायचा हक तुला न्हाई, आन् मला बी न्हाई."

मॉरीनने दार उघडलं, आत बोलावलं. मी बसले नाही. दारातल्या पायपुसण्यावर उभी राहून मी एप्रिलमधलं काकांचं वाक्य शब्दन्‌शब्द सांगितलं, आणि मग त्या जागी मी काय बोलले तेही सांगितलं. काका शेजारी उभे होते, मान खाली घालून.

"केव्हा?" तिने विचारलं.

"एप्रिलच्या शेवटी."

"एप्रिलमध्ये तो शिडीवर चढून छपराची पन्हळ साफ करत होता," ती म्हणाली. जणू मला नाही, दुसऱ्या कुणाला तरी सांगत होती. मग एक लहान वाक्य बोलली आणि दार लावून घेतलं. आपटलं नाही, नुसतं लावलं.

"काय म्हनली?" काकांनी विचारलं.

"पुन्हा या दारात दिसू नका, म्हणाली."

"मला म्हनली, का तुला?"

"तिच्या भाषेत 'तू' आणि 'तुम्ही'ला एकच शब्द आहे, काका."

त्यांनी बंद दाराकडे एकदा बघितलं. "बरोबर हाय तिचं," म्हणाले, आणि गाडीकडे चालायला लागले.

त्यानंतर ते नोराबाईंच्या दुकानात गेले नाहीत. मे महिन्यात कोल्हापूरला पुतण्याकडे राहायला निघाले. विमानतळावर सोडायला मी येते म्हटलं, तर अश्विनीने टॅक्सी सांगितल्याचं कळलं. मी दोनदा फोन केला. दोन्ही वेळा पुतण्याने, काका झोपलेत, असं सांगितलं. एकदा मागून त्यांचा खोकला ऐकू आला.

पुढच्या हिवाळ्यात ते गेले. अश्विनी जाऊन आली, तेव्हा मी तिच्याकडे गेले होते. ती चहा करत होती, माझ्याकडे पाठ करून. म्हणाली, "शेवटी शेवटी बाबा कुणाशी बोलतच नव्हते गं. डॉक्टरांशीसुद्धा नाही. काय दुखतंय विचारलं तरी गप्प. इतका बोलका माणूस, असा का झाला कळत नाही."

मी तिच्या हातून कप घेतला. का, ते मी तिला अजून सांगितलेलं नाही.