न बोलावता येणारी माणसं

उत्रोलीच्या आमच्या बचत गटाच्या बैठकीत एकदा पाहुण्या बाईंनी विचारलं, चांगलं गाव म्हणजे कसं? कुणी दवाखाना म्हणालं, कुणी वेळेवर येणारी एसटी. माझ्या शेजारच्या बनाकाकू म्हणाल्या, "जिथं कापणीला बोलवावं लागत न्हाई, ते गाव."

पूर्वी आमच्याकडं सावड असायची. ज्याचं भात पिकलं त्याच्या रानात सगळे विळे घेऊन हजर, मग पुढच्याच्या. आता सगळे मजूर लावतात. गटातली रत्ना हसून म्हणाली, "काकू, आता फोन केल्याबिगर जावईसुदा येत न्हाई."

यंदा काकूंनी मनावर घेतलं. कुणी न सांगता रत्नाचं भात कापू लागल्या, मग कोंडिबांचं. लोकांना वाटलं, काकूंना गरज आहे. संध्याकाळी हातावर मजुरी ठेवली. काकूंनी ती देवळातल्या पेटीत टाकली. माझ्याकडं या, असं मात्र त्या कुणालाच म्हणाल्या नाहीत. म्हटलं तर ते बोलावणंच झालं ना.

त्यांचं भात पिकलं. लोंब्या झडायला लागल्या. मुलगा अमृत रोज फोनवर मजूर लावायचं म्हणे. काकू एवढंच म्हणत, थांब जरा.

शेवटी एका सकाळी देवापुढं दिवा लावून त्यांनी पाटीभर भाकरी अन् पातेलंभर हुलग्याची उसळ केली आणि एकट्याच रानात गेल्या. दुपारपर्यंत कुणी फिरकलं नाही. मग भोरच्या हसीनाभाभी आल्या. नवऱ्याच्या टेम्पोतून रत्नाकडचा पेंढा न्यायला आल्या होत्या. काकूंना एकटं बघून त्यांनी पदर खोचला आणि विळा मागितला.

"तुला कुणी सांगितलं गं?"

"सांगायला कशाला पायजे? उभं भात दिसतंय की मला."

डोळे पुसून काकूंनी भाभींना आधी जेवायला बसवलं.

दोघींनी अंधार पडेपर्यंत कापलं, तरी बरंच उरलं. दुसऱ्या दिवशी अमृत मजूर घेऊन आला. काकूंनी त्यांनाही पोटभर वाढलं, पण रस्त्याकडचं एक खाचर कापू दिलं नाही. कुणी आलं तर, म्हणाल्या.

ते अजून उभं आहे. पाखरं येतात, दाणे टिपतात. आम्ही हाकलायला गेलो, की काकू बांधावरून म्हणतात, "राहू द्या. न बोलावता आलीत ती."