‘रहाट’ असा शेरा मिळालेला भूकंप

पृथ्वीच्या पोटात काय आहे हे शोधण्याच्या कामावर माझी नेमणूक झाली, तेव्हा मी मॅट्रिक होतो आणि गणितात काठावर पास होतो. देश नवा होता, त्यामुळे असं चालून जायचं.

साठ-एकसष्ट साल असेल. श्रीवर्धनला आमच्या शेजारी एका काकूंची सुपारीची वाडी होती. काका जाऊन तीन वर्षं झालेली, मूलबाळ नाही, त्यांचं सगळं त्या वाडीवर चाललेलं. वाडीच्या मागच्या अंगाला काळा कातळ उघडा पडला होता. पुण्याहून आलेल्या साहेबांनी तो बुटाने ठोकून पाहिला, खूश झाले आणि त्यावर दगडी खोली बांधून भूकंपमापक बसवला. देशाचं काम म्हणून काकूंनी जागा दिली आणि ‘यंत्राला त्रास होईल असं काही करणार नाही’ अशा कागदावर सहीही केली. चहा देताना साहेबांना एवढंच विचारलं, “तुमचं यंत्र खातं काय?”

ते काजळी खायचं. रोज रॉकेलच्या धुरावर कागद काळा करायचा आणि नळकांड्यावर गुंडाळायचा. नळकांडं घड्याळाच्या चालीने फिरे आणि सुई त्या काळ्यावर पांढरी रेघ ओढत राही. जमीन हलली की रेघ थरथरे. दुसऱ्या दिवशी नऊ वाजता कागद उतरवायचा, टाचणीने शेरे कोरायचे आणि लाखेच्या पातळ रोगणात बुडवायचा, म्हणजे काजळी पुसली जात नाही. मला सांगून आलेल्या दोन स्थळांनी माझी नखं बघून नकार कळवला.

साहेब समजावून छान सांगायचे. भूकंपाच्या दोन लाटा येतात. पहिली ढकलत येते, दुसरी मागाहून, आडवी झुलत. दोघींमध्ये किती वेळ गेला ते मोजलं की भूकंप किती लांब झाला ते कळतं. आडवी लाट पातळ पदार्थातून जात नाही आणि पृथ्वीच्या मध्यातून ती पलीकडे पोचतच नाही, म्हणजे खोल आत कुठेतरी सगळं वितळलेलं असणार.

“कुणी पाहिलंय?” काकूंनी विचारलं.

“कुणीच नाही.”

“मग नारळासारखंच की. हलवून बघायचं, आत पाणी आहे का ते.”

साहेबांनी हातातला कप खाली ठेवला. मग म्हणाले, “कॉलेजात आम्हाला हे कळायला वर्ष लागलं होतं.”

घोडं अडलं ते रहाटावर. सकाळी सात ते नऊ काकूंचा रेडा विहिरीभोवती फिरायचा, रहाटाचे लोटे पाणी वर आणायचे आणि ते पाटाने झाडांच्या आळ्यांत जायचं. तेवढे दोन तास आमची रेघ सुरवंटासारखी जाड व्हायची. साहेब समजूतदार होते. म्हणाले, “तेवढ्या भागावर ‘रहाट’ असा शेरा मारत जा.” मी मारू लागलो. सुरुवातीला विहिरीवर जाऊन, डोळ्यांनी बघून. मग खोलीच्या दारातून नुसता आवाज ऐकून. मग तेही नाही. शास्त्राची सवय लागली की शास्त्र बाजूला राहतं, हे मला कुणी सांगितलं नव्हतं.

फाल्गुनात एकदा मी रोगणाचा डबा आणायला दिघीला गेलो. दुसऱ्या दिवशी सकाळी परतलो तेव्हा दहा वाजून गेले होते. घाईघाईने कागद उतरवला, सात ते नऊमध्ये रेघ फुगलेली दिसली, ‘रहाट’ लिहिलं आणि बुडवला. बाहेर आलो तर गोठ्यात रेडा निवांत रवंथ करत उभा. खांद्याला जखम झालेली, तीवर हळद. काकू म्हणाल्या, “आज जुंपलाच नाही बिचाऱ्याला.” मी ‘बरं केलंत’ म्हणालो आणि जेवायला गेलो. रोगण वाळलं होतं. कोण परत खोडत बसणार?

पंधरा दिवसांनी साहेब आले, तेच मुळी तापलेले. त्या सकाळी लांब कुठेतरी मोठा भूकंप झाला होता. सगळ्या केंद्रांवर मिळाला, आमच्याकडे रहाट मिळाला. “यात रेड्याचं किती आणि पृथ्वीचं किती, कसं सांगायचं?” त्यांनी कागद माझ्यापुढे धरला. खरं तर सगळं पृथ्वीचंच होतं. इतका स्वच्छ भूकंप त्या कातळावर आम्हाला पुन्हा कधी मिळाला नाही.

“रहाट चालू होता ना?”

काकू पडवीत सुपारी सोलत होत्या. माझी नोकरी अजून कायम झाली नव्हती. मी म्हणालो, “हो, चालू होता.”

साहेबांनी काकूंकडे पाहिलं. काकूंनी माझ्याकडे पाहिलं. मग खाली बघून म्हणाल्या, “असेल. मला काय आठवतंय.”

साहेबांनी सहीचा कागद काढला. रहाट बंद झाला.

पुढे आमची रेघ इतकी सुरेख येऊ लागली की वरून शाबासकीचं पत्र आलं आणि मी कायम झालो. काकू चैत्र-वैशाखात पोहऱ्याने पाणी काढून कळशीने झाडांना घालत राहिल्या. एका बाईच्या अंगात असं किती पाणी असणार? त्यांनी गेल्या सालीच लावलेली दोन रांगा रोपं जळून गेली. मोठ्या झाडांनीही कोवळी सुपारी गाळायला सुरुवात केली.

मी सकाळी कळशा वाहायला जाऊ लागलो. आठव्या दिवशी विहिरीच्या काठावर मला राहवलं नाही. “काकू, त्या दिवशी रहाट बंद होता. मी न बघता लिहिलं होतं.”

“ठाऊक आहे की. रेडा माझाच होता.”

“मग साहेबांना का नाही सांगितलंत?”

पोहरा वर आला होता. त्यांनी तो कळशीत ओतला, दोर नीट गुंडाळला आणि म्हणाल्या, “तू सांगशील म्हणून थांबले होते रे.”