सुनेच्या डिग्रीसाठी

मारोतरावांना एका जागी बसलेलं मी कधी पाहिलं नाही. एसटीत कंडक्टर होते, सगळी नोकरी उभ्याने गेली. निवृत्तीनंतर तरी बूड टेकवावं, तर तेही नाही. गल्लीत कोणाचं मीटर बिघडो, कोणाच्या रेशनकार्डाचा घोळ असो, हे न बोलावता पुढे. शेजारी म्हणून सांगतो, या माणसाचा कधीकधी वैताग येतो.

यंदा त्यांच्या अंगात सुनेची वकिली शिरली होती. कामिनी माहेरची खाप्याची. लग्न ठरलं तेव्हा मुलगी बारावी पास आहे, असं सांगितलेलं. पोरं मोठी झाल्यावर तिने मुक्त विद्यापीठातून बीए केलं, रामदासपेठेत एका वकिलाकडे टायपिंगला लागली आणि फायली वाचता वाचता तिला स्वतःलाच वकील व्हावंसं वाटू लागलं. लॉची सीईटी दिली, मार्कही चांगले पडले. मारोतरावांनी लगेच गल्लीभर पेढे वाटले.

मग ती कॉलेजात कागदपत्रं तपासून घ्यायला गेली आणि तोंड पाडून परतली. मुक्त विद्यापीठाची डिग्री लॉला चालत नाही, एवढं सांगून स्वयंपाकाला लागली.

हे खोटं होतं. डिग्रीला कोणी नाव ठेवलं नव्हतं. तिथल्या बाईंनी बारावीची मार्कशीट मागितली होती आणि कामिनी बारावीत इंग्रजीत नापास झाली होती. पूर्वतयारीची परीक्षा देऊन बारावीशिवायच तिने बीएला प्रवेश घेतला होता. लॉला आधी बारावी लागते, हे तिला त्या दिवशी कळलं. माझ्या बायकोजवळ ती रडली. बायकोच्या पोटात काही राहत नाही, म्हणून मलाही कळलं. सासऱ्याला सांगायची मात्र तिची छाती होईना.

तिला वाटलं, हळहळतील आणि विसरतील. पण मारोतराव सकाळीच डोक्याला दुपट्टा बांधून सायकलवर निघाले. कॉलेज, विद्यापीठ, कोर्टाजवळचे वकील. ज्याला त्याला एकच प्रश्न, डिग्री चालत काहून नाही? पावसाने दडी मारली होती आणि ऊन मी म्हणत होतं. रोज ते लालबुंद होऊन परतायचे आणि कामिनी पाण्याचा गडू घेऊन दारात उभी असायची. मला त्यांची कीव येत होती आणि तिचा राग.

एका दुपारी मी त्यांच्याच ओसरीत पेपर वाचत होतो. मारोतराव फाटकातूनच बोलत आले, "चालते म्हणते डिग्री! आधी बारावी असली म्हनजे झालं. काढ वं कामिनी तुयी मार्कशीट."

कामिनीने हातातला गडू खाली ठेवला.

"मामाजी, मी बारावी पास नाही. इंग्रजीत गेली होती. तुमाले खोटं सांगितलं, तवाबी अन् आताबी."

मारोतराव खुर्चीत बसले. बराच वेळ तसेच बसून राहिले.

"लग्नाच्या वक्ताचं राहू दे," ते शेवटी म्हणाले. "पन मी उन्हात फिरून राहिलो होतो, अन् तू मले पानी देऊन राहिली होती."

ती गडू उचलून आत गेली. मलाही तिथून उठून जावंसं वाटलं.

त्यानंतर ते घराबाहेर पडेनात आणि तिच्याशी बोलेनात. त्यांचं फिरणं बरं होतं, असं गल्लीत सगळ्यांनाच वाटायला लागलं. मग एका संध्याकाळी सायकलची घंटी वाजली. त्यांनी पिशवीतून बारावीच्या इंग्रजीचं गाईड काढलं आणि तिच्याकडे न बघताच ओट्यावर ठेवलं. बाहेरून बसणाऱ्यांचे फॉर्म सुरू होणार आहेत, म्हणाले.

कामिनीने गाईड हातात घेतलं. "मामाजी, बारावी झाली तरी बीए पुन्हा करा लागंन, असं वाटते मले."

"ते मी इचारून येतो," मारोतराव म्हणाले. "तू नको सांगू."