राखलेला माळ

साताऱ्याहून पहाटेची एस.टी. धरली आणि सांगलीला गाडी बदलली. तिथल्या कॉलेजात मी वनस्पतिशास्त्र शिकवते; माझा विषय गवताळ माळ. कवठे महांकाळच्या पुढे एक तुकडा मी तार ओढून राखला होता. गुरं चरली नाहीत तर कोणतं गवत परत येतं, हे पाहायचं होतं. अजून दोनेक पावसाळे मिळाले की काम पुरं होणार होतं.

मिरज मागं पडल्यावर हिरवं काही दिसेना. रस्त्याच्या दुष्काळी कामावर बाया खडी फोडत होत्या. गावाच्या अलीकडे चाक पंक्चर झालं, म्हणून गवत तोलायचा काटा आणि नमुन्यांच्या पिशव्या उचलून उरलेली वाट चालत गेले.

माळ खरवडल्यासारखा दिसत होता. तारेच्या आत मात्र वाळलेला पवन्या (गुरांच्या आवडीचं गवत) गुडघ्याच्या वर उभा होता. पूर्वी तिथं नुसती कुसळं होती. मला बरं वाटलं. मग तारेबाहेर बसलेली गाय दिसली. तिला स्वतःहून उठता येत नव्हतं.

गाय शेजारच्या वस्तीवरच्या हौसाबाईची. तिनं मला मिलोची (रेशनवरची लाल ज्वारी) भाकरी आणि चटणी वाढली. तिचे सासरे तात्या उंबऱ्यावर बसले होते.

"लय शिकल्यात बाई," ते सुनेला म्हणाले. "गवत मोजत्यात. गुरं मोजाय कोन येनार?"

"मग कापलं का नाही?" मी विचारलं.

"आवं, देवाचं रान हाय ते," हौसाबाई म्हणाली. "तुमीच न्हाई का कोपऱ्यात शेंदराचा धोंडा बसवला?"

तो खुणेचा दगड होता. हद्द सापडावी म्हणून मी त्याला लाल ऑइलपेंट लावला होता. जाऊन पाहिलं, तर त्यावर हळदकुंकू आणि वाळलेली फुलं होती. परत उंबऱ्याशी आले.

"तात्या, तो देव नाही. रंग आहे."

"आसंल. पर एवढं दिस गवत राखलं कुनी? तुमच्या तारंनं?" तात्या हसले. "तिच्याखालनं शेरडू बी जातंय."

हौसाबाई हसली नाही. "बाई, पयला इळा तुमी लावा. मग आमाला दोष न्हाई."

'देव नको म्हणतो' एवढं बोलले असते, तर त्या माणसांनी गाय मरू दिली असती; गवताला हात लावला नसता. एकदा विळा लागला की तो माळ पुन्हा कुणी राखणार नव्हतं, हेही मला दिसत होतं.

उन्हं कलेपर्यंत मोजता आलं तेवढं मोजलं. मग विळा घेतला आणि दगडाजवळची पहिली पेंढी कापली. हौसाबाईनं ती गाईपुढं टाकली. गाईनं आधी नुसतं हुंगलं, मग खाऊ लागली. तोवर वस्तीवरच्या बाया विळे घेऊन आल्याच होत्या.

परतीच्या गाडीत पिशव्या जवळजवळ रिकाम्या होत्या. चरलेल्या माळांचा अभ्यास पुढंही करता येईल. तसले माळ हवे तेवढे आहेत. न चरलेला कसा असतो, हे आता मी विद्यार्थ्यांना फळ्यावरच काढून दाखवते.