सेड्रिकचा खोकला

सेड्रिक ओल्डरॉइडची उभी हयात दारात गेली. सिनेमा असो की टीव्ही, याचं काम ठरलेलं. पोलिसाच्या वेशात दार वाजवायचं, टोपी काढायची आणि म्हणायचं, "वाईट बातमी आहे, बाईसाहेब." मग कॅमेरा रडणाऱ्या बाईकडे वळायचा. उतारवयात आमच्या लीड्सच्या स्टुडिओत त्याला एका मालिकेत भूमिका मिळाली, पब चालवणाऱ्या वॉल्टरची. त्यातही एखाद-दुसरं वाक्य, तेही ग्लास पुसता पुसता. मी कपडेपट सांभाळायची, त्यामुळे त्याची सगळी रड माझ्या कानावर.

एका हिवाळ्यात ऐन चित्रीकरणात त्याला खोकल्याची उबळ आली. थांबेचना. मला वाटलं, मेला, आता बोलणी खाणार. पण आमचा दिग्दर्शक ट्रँटर खूश. "राहू दे तो खोकला. काय जिवंत वाटतो!"

झालं. लेखकांनी वॉल्टरला आजारी पाडलं आणि अख्खा देश काळजीत पडला. पोस्टाने मध आणि लोकरी मफलर यायला लागले. रस्त्यात बायका थांबवून तब्येत विचारायच्या आणि हा शहाणा आजारी तोंडाने हसत आभार मानायचा. इकडे त्याच्या शर्टांच्या कॉलरी ढिल्या होत चाललेल्या मला दिसत होत्या.

"डॉक्टरकडे जा," मी म्हणाले.

"गेलो होतो, विनी. फुफ्फुसात गाठ आहे. लगेच कापायची म्हणतात."

"मग बसलायस कशाला?"

"खोकला गेला की मीही गेलो. पुन्हा उभा राहू दारात, टोपी काढून? उन्हाळ्यापर्यंत थांबतो."

"डोकं फिरलंय तुझं."

"फिरलंय. पण आता लोक माझ्याकडे बघतात गं."

मला इतका संताप आला की सरळ ट्रँटरकडे गेले आणि सगळं सांगून टाकलं. तो कौतुकाने हसला. "तुलाही फसवलं त्याने? कॅमेरा बंद झाला तरी भूमिका सोडत नाही. याला म्हणतात नट." मी परोपरीने सांगितलं. त्याला ते पटलंच नाही.

उन्हाळ्यात वरून हुकूम आला, वॉल्टर लोकांचा लाडका आहे, त्याला मारू नका, बरा करा. म्हणजे आता सेड्रिकने खोकायचं नव्हतं. पबमध्ये सगळ्यांसमोर उभं राहून "ठणठणीत झालोय" म्हणायचं होतं. त्याने म्हटलं. मानेच्या शिरा तट्ट फुगल्या, डोळ्यांत पाणी आलं, पण खोकला दाबला. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

मग तो माझ्या खोलीत आला, दार लावलं आणि टॉवेलात तोंड खुपसून खोकत बसला. टॉवेल मीच उचलला.

"करार वाढवला, विनी," तो म्हणाला. "पुढे वॉल्टरचं लग्न आहे. नवा सूट लागेल."

"आणि ऑपरेशन?"

"आता करण्यासारखं नाही म्हणतात. हं, घे माप."

त्याने हात वर केले. मी छातीभोवती टेप धरली आणि शिंप्यांच्या सवयीने म्हणाले, "भरून श्वास घे."

त्याने घेतला. टेप हललीच नाही.